परीस पाण्यात कसा गेला



नर्मदेच्या उत्तरेला, विंध्याच्या कड्यावर मांडू आहे. नर्मदा परिक्रमा करणारी आपल्याकडची माणसं त्याला मांडवगड म्हणतात. मुंज तलाव आणि कापूर तलाव यांच्यामधला जहाजमहाल, होशंगशाहाची संगमरवरी कबर, रूपमतीचा मंडप हे सगळं पाहायला तिथं गर्दी होते. एवढा अफाट गड बांधायला पैसा कुठून आला असेल, असा प्रश्न तिथं कुणालाही पडतो. माळव्यातल्या लोकांनी त्याचं उत्तर फार पूर्वी देऊन ठेवलं आहे. ते म्हणाले, परिसामुळे.

गोष्ट अशी सांगतात. जयसिंगदेव नावाचा राजा राज्य करत होता. त्याच्या मुलखात एक गवत कापणारा रानात गेला. कापता कापता त्याचा विळा एका दगडाला घासला आणि पिवळा पडला. बिचाऱ्याला वाटलं, विळा बिघडला. तो मांडन नावाच्या लोहाराकडे विळा घेऊन गेला. लोहारानं पाहताक्षणी ओळखलं की हे सोनं आहे. त्यानं तो दगड मिळवला, भरपूर संपत्ती केली आणि पुढं अशी वस्तू राजाकडेच असावी असं वाटून ती राजाला अर्पण केली. राजानं त्या सोन्यातून गड उभारला. काम बारा वर्षं चाललं.

अकबराच्या दरबारातल्या अबुल फजलनं सोळाव्या शतकाच्या अखेरीस ही कथा 'आईन-ए-अकबरी'त लिहून ठेवली. पुढं 1617 साली जहांगीर बादशहा मांडूला काही महिने मुक्कामाला होता. आपल्या आठवणींत त्यानंही ती सांगितली आहे. म्हणजे चारशे वर्षांपूर्वीसुद्धा ती जुनीच गोष्ट होती.

तिच्यातला एक तपशील मला फार मोलाचा वाटतो. लोहारानं राजाकडे एक मागणी केली आणि तिच्यामुळे तटाचे बरेचसे दगड ऐरणीच्या आकाराचे घडवले गेले, असं अबुल फजल लिहितो. बांधकामाच्या शिलालेखांत राजे असतात, सुलतान असतात. लोहाराला जागा दिली ती या लोककथेनं, आणि तीही त्याच्या ऐरणीसकट. गवत कापणाऱ्याच्या वाट्याला मात्र काही आलं नाही. दगड सापडला त्याला, आणि विळा लोहाराच्या हातात दिल्यावर तो गोष्टीतून जो जातो तो पुन्हा येतच नाही. त्याचं नावसुद्धा कुणी सांगत नाही. याची हळहळ वाटते.

इतिहासाचं उत्तर निराळं आहे. परमारांच्या काळात इथं दुर्ग होताच. पंधराव्या शतकाच्या सुरुवातीला होशंगशाहानं राजधानी धारहून इथं आणली आणि मांडूचं वैभव वाढलं. माळव्याची काळी जमीन, तिचा शेतसारा आणि उत्तरेकडून गुजरातच्या बंदरांकडे जाणारा व्यापार, या सगळ्यातून तो पैसा आला. परिसाचं म्हणाल तर, लोखंडाच्या अणुकेंद्रात 26 प्रोटॉन असतात, सोन्याच्या 79. हे अंतर स्पर्शानं ओलांडता येत नाही.

आता गोष्टीचा शेवट ऐका. राजा म्हातारा झाला, संसाराला विटला. नर्मदेच्या काठी त्यानं मोठा समारंभ केला आणि आपल्या पुरोहिताला मोठं दान द्यायचं ठरवलं. दानात त्यानं दिला तो परीस. पुरोहितानं पाहिलं तर हातात एक साधा दगड! अपमानानं संतापून त्यानं तो नदीत भिरकावला. आपण काय फेकलं हे कळलं तेव्हा त्याच्या पश्चात्तापाला सीमा राहिली नाही, पण नर्मदा तिथं इतकी खोल होती की दगड पुन्हा हाती लागला नाही.

परीस नदीत टाकल्याची अशीच एक कथा आपल्या पंढरपुरातही आहे. ताहराबादच्या महिपतींनी ती 1762 साली पूर्ण केलेल्या 'भक्तविजय' ग्रंथात सांगितली आहे. भागवत नावाच्या ब्राह्मणाला रुक्मिणीनं प्रसन्न होऊन परीस दिला. त्याची बायको कमळजा आणि नामदेवांची बायको राजाई या मैत्रिणी. नामदेवांच्या घरी सदा ओढगस्त. राजाईनं आपलं दुःख सांगितलं तेव्हा कमळजाला राहवलं नाही. नवऱ्याला न विचारता तिनं परीस राजाईच्या हाती दिला. राजाईनं लोखंडाचं सोनं केलं आणि घरात सामान आणलं. नामदेव घरी आले, हे अकस्मात आलेलं सुख पाहून त्यांनी विचारणा केली, परीस मागून घेतला आणि जाऊन चंद्रभागेत टाकला.

कीर्तनात ही कथा रंगते ती इथून पुढं. भागवत संतापून नामदेवांकडे आला आणि आपली वस्तू मागू लागला. नामदेवांनी नदीत बुडी मारली, ओंजळभर खडे वर काढले आणि यातला तुमचा तो घ्या, म्हणाले. भागवतानं लोखंड लावून पाहिलं, तर त्यातला प्रत्येक खडा परीस निघाला.

मांडूच्या पुरोहितानं दगड फेकला तो त्याची किंमत कळली नाही म्हणून. नामदेवांनी फेकला तो किंमत पुरती कळल्यावर. दोन्हीकडे कृती तीच आणि पाणीही तसंच. पण पहिली गोष्ट हळहळ लावून संपते, आणि दुसरीत नदीचा सगळा तळच परिसाचा होऊन जातो. त्या पुरोहिताला आयुष्यभर एकच दगड दिसत राहिला असेल. भागवताला मात्र ओंजळभर परीस समोर असताना त्यांतला एकही उचलावासा वाटला नाही.

तरी राजाईबद्दल थोडं बोललंच पाहिजे. ही कथा सांगताना तिला बहुधा मोहात पडलेली बाई म्हणून उभं करतात. मला ते पटत नाही. तिनं हंडे भरून सोनं पुरलं नव्हतं. घरातल्या माणसांच्या पोटाची सोय केली होती. नामदेव गाथेत राजाईच्या आणि सासू गोणाईच्या तक्रारींचे अभंग आहेत. नवरा विठ्ठलाच्या दारात आणि घरात दाणा नाही, हे त्या उघड बोलतात. संतांच्या परंपरेनं ते अभंग गाळले नाहीत, जपून ठेवले, याबद्दल मला त्या परंपरेचा आदर वाटतो. कमळजाबद्दलही तेच. देवीनं दिलेली वस्तू मैत्रिणीच्या चुलीसाठी काढून देणं ही काही लहान गोष्ट नव्हे. या कथेत पहिलं दान तिचं आहे.

खड्यांच्या त्या प्रसंगानंतर भागवत नामदेवांना शरण गेला आणि त्यांचा शिष्य झाला. परिसा भागवत या नावानं त्याचे अभंग आजही संतांच्या गाथेत छापलेले आहेत. नामदेवांशी झालेला वाद आणि मग जडलेली भक्ती, दोन्ही त्यांत वाचायला मिळतात.