गृहकर्जाचा खरा हिशेब
(मंडळाच्या हर्णे येथील वार्षिक संमेलनात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



गुणी विद्यार्थ्यांचा सत्कार आणि रात्रीचा करमणुकीचा कार्यक्रम यांच्या मधोमध व्याजाच्या हिशेबाला जागा दिल्याबद्दल मी प्रथम कार्यकारी मंडळाचे आभार मानतो. विषय रुक्ष आहे, हे मला मान्य आहे. परंतु आपल्यापैकी पुष्कळ कुटुंबांनी विरार, ठाणे, बदलापूर या बाजूंना घरे घेतली आहेत. काहींनी येथेच जुने कौलारू घर उतरवून स्लॅबचे घर उभारले आहे. अशा कुटुंबाच्या आयुष्यातील सर्वांत मोठा खर्च कोणता, याचा शोध घेतला तर तो लग्नाचा नसतो, शिक्षणाचा नसतो. पुष्कळदा तो घराच्या कर्जाच्या व्याजाचा असतो. आणि तोच असा एक खर्च आहे की ज्याची एकूण रक्कम घरातील कोणालाही तोंडपाठ नसते.

आपल्या बंदरावर सायंकाळी मासळीचा लिलाव होतो. तेथे भाव मोठ्याने पुकारला जातो, दहाजण ऐकतात आणि मग माल हलतो. घराच्या कर्जात मात्र पुकारला जातो तो फक्त हप्ता. "महिन्याला इतके झेपेल का?" एवढाच प्रश्न विचारला जातो आणि "झेपेल" म्हटले की सही होते. संपूर्ण भाव कागदाच्या आत राहतो. आज तो भाव मोठ्याने पुकारावा, एवढाच माझा हेतू आहे.

कर्ज आणि गहाण या गोष्टी आपल्याला नव्या नाहीत. पूर्वी ताबेगहाण असे. सावकार जमिनीचा ताबा घेई आणि उत्पन्न व्याजापोटी खाई. मुद्दल जसेच्या तसे राही. नजरगहाणात ताबा आपल्याकडे राही, पण व्याज चढत जाई. आजचे गृहकर्ज हेही गहाणच होय. फरक इतकाच की दरमहाच्या ठरावीक हप्त्यात थोडे व्याज व थोडे मुद्दल एकत्र फेडले जाते. घरात आपण राहतो, परंतु सातबाऱ्याच्या इतर हक्कांत बोजा चढतो किंवा घराचे मूळ कागद बँकेच्या तिजोरीत जातात.

या बाबतीत जुनी दामदुपटीची कल्पना अनेक वडीलधाऱ्यांच्या मनात अजून आहे. व्याज मुद्दलापेक्षा अधिक होऊ शकत नाही, अशी त्यांची समजूत असते. परंतु स्मृतिकारांनी घातलेली मर्यादा एकदम घ्यावयाच्या व्याजाची होती. महिन्यामहिन्याने फेडत गेलेल्या व्याजाची बेरीज मुद्दलापलीकडे जाण्यास त्या नियमाची आडकाठी नाही. हप्त्याच्या कर्जात नेमके हेच घडते.

आता प्रत्यक्ष आकडे घेऊ. समजा, एका गृहस्थाने ३० लाख रुपये, दरसाल साडेआठ टक्के दराने, २० वर्षांच्या मुदतीने घेतले. त्याचा मासिक हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले की एकूण ६२ लाख ४८ हजार रुपये होतात. म्हणजे मुद्दल ३० लाख आणि व्याज ३२ लाख ४८ हजार. एक घर घेतले आणि किंमत दोन घरांची दिली.

ही बेरीज एवढी का होते, हे पाहिले पाहिजे. यात लबाडी काहीही नाही. शुद्ध अंकगणित आहे. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर आकारले जाते आणि आरंभी शिल्लक सर्वांत मोठी असते. पहिल्या महिन्याचे व्याजच २१,२५० रुपये होते. म्हणून पहिल्या हप्त्यातून मुद्दलाकडे जेमतेम ४,७८५ रुपये जातात. पाच वर्षांत हा गृहस्थ १५ लाख ६२ हजार रुपये भरतो, आणि त्याचे मुद्दल कमी होते केवळ ३ लाख ५६ हजारांनी. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजाच्या भागाहून मोठा होण्यास जवळजवळ बारा वर्षे लागतात. निम्मे मुद्दल फिटते तेव्हा तेरा वर्षे दहा महिने उलटलेले असतात. पाचसात वर्षांनी घर विकण्याची वेळ आली म्हणजे "इतके भरले, तरी देणे तेवढेच कसे?" असा जो धक्का बसतो, त्याचे कारण हेच.

दुसरी गोष्ट मुदतीची. मुदत वाढविली की हप्ता उतरतो, म्हणून ती दया वाटते. तेच कर्ज ३० वर्षांचे केले तर हप्ता २३,०६७ रुपये होतो. महिन्याला सुमारे तीन हजारांची सवड मिळाली. परंतु व्याजाची बेरीज ५३ लाखांवर गेली, म्हणजे वीस लाखांहून अधिक वाढली. उलट मुदत १५ वर्षांची केली तर हप्ता २९,५४२ रुपये होतो आणि एकूण व्याज २३ लाख १८ हजारांवर येते. महिन्याला साडेतीन हजारांची ओढ सोसली तर नऊ लाख तीस हजार रुपये वाचतात. हा निर्णय सहीच्या दिवशी, दहा मिनिटांत घेतला जातो. परिणाम मात्र मुलाच्या शाळेपासून त्याच्या लग्नापर्यंत पोचतो.

तिसरी गोष्ट तरत्या दराची. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी तरत्या दराची गृहकर्जे रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाहेरच्या दराला जोडली गेली. मे २०२० मध्ये रेपो दर ४ टक्क्यांवर आला. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्के झाला. ज्याने चढ सुरू होण्यापूर्वी पावणेसात टक्क्यांनी ३० लाख वीस वर्षांकरिता घेतले, त्याचा हप्ता २२,८११ रुपये होता. दर अडीच टक्क्यांनी चढून सव्वानऊ झाला, तेव्हा ३० लाखांवर एका महिन्याचे व्याजच २३,१२५ रुपये होऊ लागले. म्हणजे जुना हप्ता नुसत्या व्याजालाही पुरेना! अशा वेळी हप्ता न वाढविता मुदतच लांबविली तर कर्ज कधीच फिटणार नाही. म्हणून ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश दिला की, दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडेथोडे करावे, याची निवड कर्जदारास द्यावी. बँकेकडून असा संदेश आला तर तो वाचल्याविना पुसू नका. उत्तर न दिल्यास पुष्कळदा मुदत मुकाट्याने लांबते.

चौथी गोष्ट आपल्या किनाऱ्यावर विशेष लागू पडते. हप्ता बारा महिने सारखा. आपली मिळकत मात्र तशी नाही. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. बागाईतदाराचा पैसा आंब्याच्या हंगामात येतो. म्हणून बंदीच्या दोन महिन्यांचे हप्ते उरलेल्या दहा महिन्यांत वेगळे काढून ठेवले पाहिजेत. वरील उदाहरणात ते महिन्याला सुमारे ५,२०० रुपये होतात. कर्ज झेपेल की नाही, हे २६ हजारांवर न ठरविता सव्वाएकतीस हजारांवर ठरवावे.

संकटात हप्ता थांबविण्याची सवलत मिळते, तिचीही किंमत असते. २०२० साली टाळेबंदीमुळे मार्चपासून ऑगस्टपर्यंत सहा महिने हप्ते पुढे ढकलण्याची मुभा मिळाली. त्यातच ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळाने दापोली, मंडणगड भागांतील घरांची छपरे व नारळीपोफळीच्या बागा उद्ध्वस्त केल्या. अशा काळी सवलत घेणे चुकीचे नव्हते. ज्याच्या डोक्यावर छप्पर नाही त्याने प्रथम छप्परच घालावे. परंतु त्या सहा महिन्यांत व्याज थांबले नव्हते. वर सांगितलेल्या ३० लाखांच्या नव्या कर्जात सहा हप्ते थांबविले आणि पुढे हप्ता तोच ठेवला, तर अखेरीस सुमारे तीस हप्ते अधिक भरावे लागतात. व्याजावरचे व्याज मागाहून परत मिळाले, पण ती रक्कम दोन-सव्वादोन हजारांच्या घरातली होती. सवलत म्हणजे माफी नव्हे, हे लक्षात असावे.

काही किरकोळ वाटणाऱ्या गोष्टी झटपट सांगतो. कोणी "सपाट आठ टक्के" म्हणून कर्ज देऊ लागला तर सावध व्हावे. पाच वर्षांच्या कर्जाला सपाट आठ टक्के म्हणजे शिल्लक मुद्दलावर चौदा टक्क्यांहून अधिक. विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळविला तर त्या प्रत्येक लाखाचे वीस वर्षांत दोन लाख आठ हजार होतात. विमा अवश्य असावा, पण त्याचे पैसे शक्यतो वेगळे भरावेत. आणि जामीन राहणे ही केवळ भाऊबंदकीतील शिष्टाचाराची सही नव्हे. १८७२ च्या करार कायद्याप्रमाणे, करारात वेगळे ठरले नसेल तर, जामीनदाराची जबाबदारी मूळ ऋणकोइतकीच असते. भगिनींना माझी विशेष विनंती आहे: सहकर्जदार म्हणून जेथे आपली सही घेतली जाते, तेथे एकूण फेडीचा आकडा आपण स्वतः विचारावा.

आता उपायांकडे वळतो. पहिला आणि सर्वांत मोठा उपाय म्हणजे लवकर फेड. त्याच उदाहरणात वर्षाअखेर एकच जादा हप्ता भरत गेल्यास कर्ज २० वर्षांऐवजी १६ वर्षे ९ महिन्यांत संपते आणि सहा लाखांहून अधिक व्याज वाचते. यातही वेळेला महत्त्व आहे. पहिले वर्ष संपताना भरलेला एक लाख शेवटचे अठरा हप्ते, म्हणजे सुमारे ४ लाख ७० हजार रुपये वाचवितो. तोच लाख पंधरा वर्षांनी भरला तर सहाही हप्ते पुरते वाचत नाहीत. व्यक्तीने तरत्या दराने घेतलेल्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. मात्र जादा रक्कम भरताना "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा" असे लेखी द्यावे.

दुसरा उपाय कागद वाचण्याचा. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी उठले आणि त्यांनी सावकारांचे कागद मागून जाळले. पुढे १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने शेतकऱ्याला पावती आणि वार्षिक हिशेब मागण्याचा हक्क दिला. तोच हक्क आज अधिक व्यापक झाला आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत एकूण व्याज, सर्व आकार, खरा वार्षिक दर आणि हप्त्यांचे कोष्टक दाखविणारे विवरणपत्र, कर्जदारास समजेल अशा भाषेत देणे बंधनकारक आहे. ते मराठीत मागावे. तसेच कर्ज फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून विलंब सावकाराकडून झाल्यास दररोज ५,००० रुपये भरपाई ठरलेली आहे. आणि सातबाऱ्यावरील बोजा उतरविण्यास विसरू नये. नाहीतर वाटणीच्या वेळी मुलांना फिटलेल्या कर्जाचे भूत दिसते.

यावरून कर्ज घेऊच नये, असा अर्थ कोणी काढू नये. भाडे भरूनही घर आपले होत नाही; आणि वीस वर्षांनंतरचे २६ हजार आजच्या २६ हजारांइतके जड नसतील, कारण महागाईबरोबर मिळकतही बहुधा वाढते. म्हणून व्याजाचा प्रत्येक रुपया वाया गेला असे मी म्हणत नाही. तो घरात आजच राहण्याची किंमत आहे. किंमत द्यावी, पण ती किती आहे हे कळून द्यावी.

ज्ञातिसंस्थांनी या क्षेत्रात काय करावे, याचा एक जुना धडा मुंबईत आहे. १९१५ साली श्रीपाद सुब्राव तालमकी यांच्या पुढाकाराने गावदेवी येथे सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था उभी राहिली. एकट्याला जे घर दुर्लभ होते, ते एकत्र आल्याने अनेकांना मिळाले. आपले मंडळ तेवढे मोठे नाही. परंतु दर तीन महिन्यांनी एक सायंकाळ ठरवून, कर्ज घेऊ पाहणाऱ्या कुटुंबाबरोबर त्याचे कागद सहीपूर्वी वाचून दाखविण्याचे काम आपल्यातील बँकेतून निवृत्त झालेली मंडळी सहज करू शकतील. याला निधी लागत नाही. चष्मा आणि सवड लागते. कार्यकारी मंडळाने येत्या वर्षी ही सोय सुरू करावी, अशी मी या सभेपुढे सूचना मांडतो आणि ती आपण मान्य कराल अशी आशा बाळगून आपली रजा घेतो.