हरकत आहे!

एक खटला ऐका. साक्षीदार म्हणतो, ‘दुपारी एक वाजता मी मृतदेह पाहिला.’ शवविच्छेदनाचा अहवाल सांगतो, मृत्यू चारनंतर झाला. मग एक वाजल्याचं कळलं कसं? ‘टीव्हीवर ऐकलं.’ पण तेव्हा इमारतीत वीजच नव्हती! गडबडलेला साक्षीदार सांगतो, ‘घड्याळाने वेळ सांगितली.’ इथे तो सापडतो. ते घड्याळ दिसायला निव्वळ पुतळा. ते बोलतं, हे त्या घरात गेलेल्यालाच ठाऊक असणार, आणि हा तर म्हणतो, मी आत पाऊलही टाकलं नाही. शिवाय ते तीन तास मागे होतं!

‘फिनिक्स राइट : एस ॲटर्नी’ या व्हिज्युअल नॉव्हेलमधला हा पहिला खटला. व्हिज्युअल नॉव्हेल म्हणजे पडद्यावर वाचत खेळायची गोष्ट. पात्रांची चित्रं, खाली उमटणारे संवाद, आणि अधूनमधून निर्णय तुमचा. जपानच्या कॅपकॉम कंपनीने ती 2001 साली गेम बॉय ॲडव्हान्स या हातात धरून खेळायच्या यंत्रावर आणली. लेखक-दिग्दर्शक शू ताकुमी. पडदा तळहाताएवढा, जेमतेम 240 बाय 160 ठिपक्यांचा. पुढे या मालिकेचे पहिले तीन भाग नव्याने रेखलेल्या चित्रांसह एकत्र आले. आज ते संगणकावरही खेळता येतात.

चित्रं उजळली, पण खेळ टिकला तो लेखनामुळे. अक्षरं एकेक करून, बारीक टकटक करत उमटतात. मोक्याच्या शब्दाआधी ती थबकतात. खोटं उघडं पडण्याच्या क्षणी संगीत थांबतं, आणि त्या शांततेत आपणच श्वास रोखतो. हे सारं कानासाठी रचलेलं आहे. मूळ जपानी खेळात नायक असलेल्या वकिलाची ‘हरकत आहे!’ ही आरोळी खुद्द ताकुमींच्या आवाजात आहे.

आता या कोर्टाबद्दल. जपानमध्ये कोर्टात उभ्या राहिलेल्या आरोपींपैकी 99 टक्क्यांहून अधिक दोषी ठरतात. खेळातला खटला तर तीन दिवसांत निकाली काढावा लागतो. अशा कोर्टात सगळं विरोधात असताना हा नवशिका वकील अशिलावर विश्वास ठेवून उभा राहतो. त्याची ही निष्ठा मला आजही हलवून जाते.

एक उणीव सांगायलाच हवी. कधीकधी सत्य आपल्याला आधीच उमगतं, पण नेमका पुरावा नेमक्या वाक्यावर ठेवल्याशिवाय खेळ पुढे सरकत नाही. तिथे चिडचिड होते. तरीही त्यामुळेच आपण साक्षीतलं प्रत्येक वाक्य पुन्हा वाचतो. घाईने नजर फिरवायची सवय मोडते आणि ‘हे तुला कसं कळलं?’ हा प्रश्न मनात रुजतो.

पहिला खटला छोटा आहे, आणि खुनी कोण हे सुरुवातीलाच दाखवलेलं आहे. तेव्हा रहस्य फुटलं असं समजू नका. एका संध्याकाळी घरातल्या मुलांना शेजारी बसवा, संवाद मोठ्याने वाचा, आणि खोटं कुठे आहे ते मिळून शोधा.