जुन्या रिळांची राखण



राखण म्हटली की आपल्याला उभे पीक आठवते. मी बोलणार आहे ती राखण सिनेमाच्या जुन्या फितींची. विषय शहरी वाटेल. पण तो निमोण्याच्या शिवारापर्यंत कसा पोचतो, ते पाहा.

१९२५ साली बाबूराव पेंटरांनी ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. कथा नारायण हरी आपट्यांची. कर्जापायी जमीन गमावलेला शेतकरी, आणि ती भूमिका करणारे तरुण व्ही. शांताराम! पडद्यावर देवादिकांचे राज्य असताना या गृहस्थांनी तिथे कुणब्याचे दुःख नेऊन उभे केले. ते चित्र आज पाहायला मिळत नाही. १९३६ साली पेंटरांनीच त्या कथेचा बोलपट केला खरा. पण मूळचा मूकपट गेला तो गेलाच. त्याहून जुनी गोष्ट सांगतो. १९०१ साली रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हाचे मुंबईतले स्वागत सावेदादा भाटवडेकरांनी कॅमेऱ्यात टिपले होते. तेही हाती राहिले नाही.

हे कोणा शत्रूने केले नाही. खेळ संपला की फीत रद्दी ठरे, आणि तिच्यावरच्या लेपात चांदी असे. चांदी काढून घेण्यासाठी कितीतरी चित्रपट धुऊन टाकले गेले! शिवाय ती फीतही नाजूक. कापसाला नायट्रिक आम्लाचा संस्कार देऊन ती बनवीत. एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते. न पेटली तरी गरम, दमट हवेत चिकट होते आणि शेवटी तिची भुकटी उरते.

१९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले. तिथले पी. के. नायर हे मूळचे केरळचे. पण फाळक्यांच्या घरच्यांकडून रिळे मिळवून ‘कालिया मर्दन’ हा १९१९ चा मूकपट त्यांनी जुळवला. फाळक्यांची कन्या मंदाकिनी त्यात कृष्ण झाली आहे. पाण्यातली तिची झुंज आज आपल्याला दिसते, ती या चिकाटीमुळे. आपल्या माणसांनी जे भंगारात घातले, ते परप्रांतीयाने गोळा केले, हे मनाला लागते. तरीही संकट टळले नव्हते. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातच, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात, नायट्रेट फितींच्या कोठाराला आग लागली आणि जपलेलेही पुष्कळ जळाले.

आता आपल्या घरांकडे वळू. कोणाच्या पेटाऱ्यात लग्नाचे, जत्रेचे एखादे रीळ असेल. पुढच्या काळातल्या फिती तशा पेटत नाहीत. पण त्या कुजू लागल्या की डब्यातून आंबट वास येतो. असा डबा इतरांपासून वेगळा करा, थंड, कोरड्या जागी ठेवा आणि जाणत्याकडून नक्कल करून घ्या. नक्कल झाली म्हणून मूळ रीळ टाकू नका. संगणकातली प्रतही दर काही वर्षांनी नव्या जागी उतरवावी लागते. न उतरवली तर एक दिवस ती उघडतच नाही.

असा डबा कोणाकडे असेल, तर सभेनंतर मला अवश्य सांगा. उघडण्याची घाई मात्र करू नका, आणि पाहायला जाताना विडी बाहेर विझवून जा.