शनिवारचा घाणा

कोंकणांत, पूर्वीच्या कुलाबा आणि आजच्या रायगड जिल्ह्यांत, तेल्यांचे दोन वर्ग लोकांच्या बोलण्यांत असत. सोमवारीं घाण्याला बैल न जुंपणारा तो सोमवार तेली, आणि शनिवारीं न जुंपणारा तो शनिवार तेली. हा शनिवार तेली म्हणजेच बेने इस्राएल, अर्थात् कोंकणांतला यहुदी. त्याच्या पूर्वजांचें जहाज अलिबागेजवळ नवगांवच्या किनाऱ्याला फुटलें आणि सात जोडपीं तेवढीं वांचलीं, अशी त्या समाजांत परंपरागत समजूत आहे. धर्मग्रंथ हातीं राहिले नाहींत, हिब्रू भाषा विसरली गेली. परंतु सुंता, भक्ष्याभक्ष्याचे निर्बंध, 'शेमा' ही प्रार्थना आणि शनिवारची विश्रांति एवढें या लोकांनीं पिढ्यानुपिढ्या सांभाळलें. बोली मराठी, पेणकर, रोहेकर, दिवेकर हीं आडनांवेंही गांवांवरूनच पडलेलीं. शेजाऱ्यांच्या नजरेस वेगळेपणा येई तो शनिवारीं थांबलेल्या घाण्यामुळें.

ही खूण टिकण्याचें एक कारण अगदीं व्यावहारिक होतें. घाणा तेल्याच्या स्वतःच्या मालकीचा असे. शुक्रवारीं सूर्य मावळतांना बैल सोडावयाचा झाल्यास कोणा धन्याची परवानगी त्याला काढावी लागत नसे. एका दिवसाची प्राप्ति बुडे, ती त्याची त्यानेंच सोसलेली असे.

अठराव्या शतकापासून हा समाज मुंबईस येऊं लागला. कोणी कंपनी सरकारच्या पलटणींत शिरले. त्यांपैकीं सॅम्युएल इझिकेल दिवेकर हे टिपू सुलतानाच्या कैदेंतून सुटून आल्यावर, १७९६ सालीं, त्यांनीं मुंबईंत या समाजाचें पहिलें सिनेगॉग बांधिलें. पुढें इंग्रजी शिक्षण मिळालें तसे रेल्वे, टपाल, जकात आणि सरकारी कचेऱ्या यांतून बेने इस्राएल कारकून दिसूं लागले. यहुदी म्हटला कीं तो सावकार किंवा मोठा व्यापारी, अशी जी समजूत युरोपांतून पसरली, ती या समाजाला मुळींच लागू पडत नाहीं. तसें वैभव मुंबईनें पाहिलें तें बगदादकडून आलेल्या यहुद्यांचें. १८३२ च्या सुमारास मुंबईस आलेले डेव्हिड ससून आणि त्यांचे वंशज यांनीं व्यापार वाढविला, गिरण्या काढिल्या, पुण्यामुंबईंत दानधर्म केला. त्यांच्या गिरण्यांत बेने इस्राएल मजूर व कारकून होते. धर्म एकच; पण एक गिरणीचा मालक आणि दुसरा तिचा पगारदार. कोंकणांतल्या या धर्मबंधूंच्या यहुदीपणाविषयीं बगदादी मंडळी शंकाही घेत.

मुंबईच्या या नव्या संसारांत शनिवारचें काय झालें? कचेरीची सुटी रविवारची. शनिवारीं कामावर जावें तर पूर्वजांची आज्ञा मोडते. न जावें तर चूल कशी पेटावी? पुष्कळांनीं निमूटपणें कामावर जाणें पत्करलें. त्यांची श्रद्धा आटली होती असें म्हणणें अन्यायाचें होईल. घाणा गेला, त्याबरोबर स्वतःच्या वेळेवरची मालकीही गेली, हें त्याचें खरें कारण. जें एका दिवसांत साठविलेलें होतें, तें आतां इतरत्र ठेवणें प्राप्त झालें. सिनेगॉगें वाढलीं, १८७४ सालीं पुण्यास वल्हांडण सणाची 'हग्गादा' मराठींत छापली गेली, १८७५ सालीं हाईम सॅम्युएल केहीमकर यांच्या पुढाकारानें मुंबईंत शाळा निघाली आणि मुलें हिब्रू शिकूं लागलीं. घरोघर एलिया हन्नबीच्या नांवें पोहे, नारळ आणि गूळ यांचा मलिदा होत राहिला.

१९४८ सालीं इस्राएल राष्ट्र स्थापन झालें आणि या समाजांतील बहुसंख्य लोक हळूहळू तिकडे गेले. येथें कोणी छळ केला म्हणून ते गेले नाहींत. धर्मभूमीची ओढ होती आणि उदरनिर्वाहाची आशाही होती. दिमोना, बेरशेबा, अश्दोद अशा नव्या वसाहतींतील कारखान्यांत त्यांना कामें मिळालीं. तेथें शनिवार साऱ्या राष्ट्राच्याच सुटीचा. जी विश्रांति मुंबईंत परवडत नव्हती, ती आयती लाभली. परंतु तेवढ्यानें त्यांचें यहुदीपण सिद्ध झालें नाहीं. १९६२ सालीं तेथील धर्मपीठानें विवाहाच्या वेळीं त्यांच्या पूर्वजांची चौकशी करण्याची आज्ञा काढली. त्याविरुद्ध त्यांनीं निदर्शनें केलीं. अखेर १९६४ सालीं ते सर्वार्थानें यहुदी आहेत असें सरकारनें जाहीर केलें आणि धर्मपीठाला आपली आज्ञा बदलावी लागली.

आणि तेथें त्यांचें वेगळेपण कशावरून ओळखलें जाई? त्यांच्या मराठीवरून! ज्या कोंकणांत सारेच मराठी बोलत, तेथें शनिवारनें त्यांना निराळें केलें; जेथें सारेच शनिवार पाळतात, तेथें मराठीनें. 'मायबोली' या नांवाचें मराठी नियतकालिक त्यांनीं इस्राएलांत चालविलें.

इकडे उरलेल्या थोड्या समाजाला २०१६ सालीं महाराष्ट्र शासनानें अल्पसंख्याक म्हणून मान्यता दिली. श्रोतेहो, परक्या समाजाचा धर्म किती टिकला याची मोजदाद करण्यापूर्वीं एवढें विचारावें, कीं त्याच्या दिवसाची मालकी कोणाकडे होती. पोटासाठीं ज्याला आपला शनिवार विकावा लागला, त्यानें शाळा आणि सिनेगॉग उभारून जें जपलें, त्याचें मोल घाणा थांबविणाऱ्या त्याच्या आजोबांच्या निष्ठेपेक्षां कमी मानूं नये.