जामिनाची तारीख आणि रोजंदारी



आम्ही युनियनची माणसे कायदा शिकलो तो कोर्टाच्या व्हरांड्यात. तिथे जामीन-अर्जाला पुढची तारीख पडते ती फार साध्या कारणांनी: सरकारी पक्षाचे म्हणणे आले नाही, तपास-अधिकारी कागद घेऊन आला नाही. पण रोजंदारीवाल्याला ती तारीख म्हणजे निकालाआधीची शिक्षाच. आठ दिवस खाडा पडला की काम दुसऱ्याच्या हाती जाते. मागाहून तो निर्दोष सुटला, तरी ते काम कोण परत देणार?

१९७८ सालचे मध्य प्रदेशातील एका गवंड्याचे प्रकरण पाहा. जामीन खुद्द सर्वोच्च न्यायालयाने दिलेला; पण खालच्या कोर्टाने १०,००० रुपयांची हमी मागितली आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून त्याला जामीनदार नाकारले. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी १,००० रुपयांच्या जातमुचलक्यावर सुटकेचा हुकूम दिला.

२०२२ साली त्याच न्यायालयाने सांगितले, की कायद्यात वेगळी तरतूद नसेल तर जामीन-अर्ज दोन आठवड्यांत निकालात काढावा. तरीही त्या वर्षअखेर देशातील तुरुंगांत चारांपैकी सुमारे तीन बंदी कच्चे कैदीच होते.

१९८७ च्या कायद्याने कोठडीतल्या माणसाला वकील फुकट मिळतो, मग त्याची मिळकत काहीही असो. मागणारा मात्र हवा. शेजारचा कोणी आत गेला, तर दार लावून घेऊ नका. विधी सेवा समितीकडे जा, आणि दोन आठवडे मोजायला लागा.