कापसाचा धागा : जनुकापासून सूतगिरणीपर्यंत



कापूस बाजारात नेला की व्यापारी बोटांनी तंतू ओढून पाहतो आणि भाव सांगतो. तो नेमके काय तपासतो आणि तो गुण झाडात येतो कुठून, याची माहिती आज घेऊ.

कापसाचा प्रत्येक तंतू म्हणजे सरकीच्या सालीवरील एकच लांबलेली पेशी होय. फूल उमलल्यानंतर साधारण तीन आठवडे ही पेशी लांबीत वाढते. पुढे बोंड पक्व होईपर्यंत तिच्या आतून सेल्युलोजचे थर बसतात. पहिल्या काळात लांबी ठरते, तर दुसऱ्या काळात मजबुती व पक्वता येते. थर नीट भरले नाहीत तर सुतात गाठी पडतात व रंग सारखा चढत नाही.

पदार्थशास्त्राचे तज्ज्ञ या थरांची रचना व ताकद यंत्रावर मोजतात. थर घालणारी यंत्रणा मात्र जनुकांच्या हुकमाने चालते. वनस्पतींतील सेल्युलोज तयार करणारी जनुके १९९६ मध्ये प्रथम कापसाच्या तंतूतच ओळखली गेली. पुढे २०१४ मध्ये देशी व २०१५ मध्ये अमेरिकन कपाशीचा जनुकसंच वाचून प्रसिद्ध झाला. त्यामुळे धाग्याच्या गुणांशी निगडित खुणा रोपाच्या पानातून तपासता येतात आणि पैदासकाराचा वेळ वाचतो.

तथापि लांबी व मजबुती एका जनुकावर अवलंबून नसते; त्यामागे अनेक जनुके असतात. आपल्याकडे २००२ मध्ये मान्यता मिळालेले बीटी जनुक बोंडअळीसाठी आहे, धागा सुधारण्यासाठी नव्हे. बियाणे घेताना धाग्याची लांबी व मजबुती अवश्य विचारा.

हमीभावाच्या प्रतवारीत लांब धाग्यासाठी २९.५ ते ३०.५ मि.मी. लांबी व ३.५ ते ४.३ मायक्रोनेअर धरतात. मायक्रोनेअर म्हणजे तंतूच्या तलमपणाचे व पक्वतेचे माप. त्यासाठी पुढील काळजी घ्यावी :

१. बोंडे भरताना पाण्याचा ताण पडू देऊ नये. सोय असल्यास संरक्षित पाणी द्यावे.
२. माती परीक्षणानुसार पालाश द्यावे.
३. पूर्ण फुटलेली बोंडेच, दव ओसरल्यावर वेचावीत.
४. कवडी कापूस वेगळा ठेवावा. दोन वाणांचा कापूस एकत्र करू नये.

चांगल्या वाणाचा धागाही पाण्याअभावी अपक्व राहतो. म्हणून वाणाच्या निवडीइतकेच लक्ष बोंडे भरण्याच्या दिवसांकडे द्यावे, ही विनंती.