निकाल द्या, एवढीच आज्ञा
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेतील भाषण)



सुवर्णमहोत्सवाच्या व्यासपीठावर कोर्टकचेरीचा विषय काढावा, हे काहींना रुचणार नाही. तथापि ज्या सभागृहात आपण आज बसलो आहोत, त्यामागील गणपतीच्या मांडवाची जागा आपली की शेजाऱ्यांची, हा प्रश्न 2012 पासून 4 वर्षे महसूल कचेरीत पडून होता, हे जुन्या सभासदांस स्मरत असेल. मोजणी झाली, दोन्ही बाजूंचे कागद दाखल झाले; निकाल तेवढा होईना. दर खेपेस उत्तर एकच : प्रकरण विचाराधीन आहे. मांडव घालावा तर भांडण, न घालावा तर हक्क सोडल्यासारखे. परमुलखात शेजाऱ्याशी वैर कोणास परवडते?

अखेर वकिलांनी उच्च न्यायालयाचा मार्ग दाखविला. आमची समजूत अशी, की न्यायमूर्ती नकाशा पाहतील आणि जागा कोणाची ते सांगून मोकळे होतील. तसे घडले नाही. राज्यघटनेच्या 226 व्या कलमान्वये उच्च न्यायालय परमादेश काढते, तेव्हा ते सामान्यतः अधिकाऱ्याच्या खुर्चीत स्वतः बसत नाही. ज्याच्यावर कायद्याने निर्णयाचे कर्तव्य सोपविले आहे, त्यास ते बजावते : उभयतांचे म्हणणे ऐका, कारणे नमूद करा आणि अमुक मुदतीत निकाल द्या. निकाल कोणता द्यावा, हे त्यात नसते. आम्हांस 8 आठवड्यांची मुदत मिळाली. आदेश पुरता दोन पानांचाही नव्हता. खरे सांगावयाचे तर आम्ही खट्टूच झालो.

कर्तव्य निर्विवाद असेल, तर न्यायालय याहून पुढेही जाते. माळव्यातील रतलामचे प्रकरण सर्वश्रुत आहे. तेथील एका वस्तीतील रहिवासी उघड्या गटारांनी व दुर्गंधीने त्रासले होते. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या 133 व्या कलमाखाली दंडाधिकाऱ्यांनी नगरपालिकेस उपाययोजनेचा हुकूम केला. पालिका म्हणाली, पैसा नाही. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. 1980 साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर व चिन्नप्पा रेड्डी यांनी ती सबब फेटाळली आणि कामे मुदतीत करण्यास सांगितले. (ते कलम आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत 152 वे झाले आहे.)

मात्र झोपून राहिलेल्यास हा मार्ग साह्य करीत नाही. वर्षानुवर्षे गप्प बसून मग एक अर्ज टाकावयाचा आणि त्यावर विचार करण्याचा आदेश मिळवावयाचा, एवढ्याने शिळा दावा ताजा होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2008 च्या एका निकालात बजावले आहे. आमचे तत्कालीन चिटणीस प्रत्येक स्मरणपत्राची पोच, आवक क्रमांक व तारखेसह, एका पत्र्याच्या ट्रंकेत जपून ठेवीत. त्या ट्रंकेची आम्ही पुष्कळ थट्टा केली होती. वकिलांनी पहिल्याच भेटीत मागितली ती तीच.

निकाल सातव्या आठवड्यात आला. सभागृहालगतचा मोठा भाग आपला ठरला, विहिरीकडील पट्टी शेजाऱ्यांची. दोघांसही अपील करता आले असते. परंतु शेजाऱ्यांनीच निरोप धाडला, की कुंपणाचा खर्च निम्मा-निम्मा सोसू. त्या वर्षापासून आपला मांडव चार हात अरुंद झाला आहे, आणि आरतीला शेजारची मंडळीही येऊ लागली आहेत.